वरच्या काकांचे बत्तीस बाण

चीनच्या एखाद्या जुन्या बादशहाला आपल्याच अग्निबाणांबद्दल काही शंका असेल, तर त्याने खुशाल हाटकेशला यावं, आमच्या बिल्डिंगचा जिना चढावा आणि तिसऱ्या मजल्यावरची बेल दाबावी. दार आमचे वरचे काका उघडतील. बादशहाला आधी पाणी देतील आणि मग त्याच्या सैन्याचं कुठे कुठे चुकलं, ते संध्याकाळपर्यंत सांगत बसतील.

काका मूळचे रत्नागिरीकडचे. उभा जन्म इथल्याच एका कारखान्याच्या गाळ्यात टर्नर म्हणून गेला. लेथवर पाईप कापता कापता हा नाद कसा लागला, ते त्यांचं त्यांनाच ठाऊक. "रॉकेट म्हणजे काय गं? एका टोकाला बूच मारलेला पाईप! चिन्यांनी हजार वर्षांपूर्वी नळीत बारूद ठासली, बाणाला बांधली आणि पेटवून दिली. झालं!" हे ते मला आमच्या बाथरूमचा गळका पाईप बघायला आले असताना सांगत होते. तासाभराने शत्रूचे घोडे का बिथरायचे ते मला छान समजलं. पाईप गळतच राहिला.

"आधी तोल, मग आग" हे त्यांचं पेटंट वाक्य. बाणाची काठी आखूड पडली की तो गर्रकन फिरतो आणि आपल्याच सैन्यात घुसतो, हे ते भाजीच्या गाडीवर शेवग्याची शेंग बोटावर तोलून दाखवायचे. भाजीवाला हात जोडायचा, "अंकल, लेना है तो लो, लड़ाई मत करो." एकदा उत्तनला मासळी घ्यायला गेलो, तर टोपलीपाशीच त्यांनी पाण्यावरून उडणाऱ्या चिनी ड्रॅगनचा, म्हणजे ड्रॅगनच्या आकाराच्या अग्निबाणाचा, विषय काढला. बाहेरचे बाण विझले की पोटातले पेटतात आणि त्याच्या तोंडातून सुटतात! मासळीवाल्या मावशींनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "बोंबील घेयाचं हाय का न्हाय? ड्रॅगन न्हाय आमच्याकडं." आणि गंमत म्हणजे हा युद्धशास्त्री फटाक्यांना इतका भितो, की दिवाळीत कानात कापूस घालून आतल्या खोलीत बसतो. समोरच्या बिल्डिंगमध्ये लवंगी फुटली, तरी ह्यांच्या हातातला चिवडा सांडतो.

हे सगळं ऐकायला हक्काचं माणूस एकच, काकू. मेथी निवडता निवडता त्या "मग?" म्हणायच्या, की गाडी पुढे. काकांची आवडती गोष्ट खुर्चीवाल्याची. एका चिनी अधिकाऱ्याने म्हणे खुर्चीला बाण बांधले, स्वतः वर बसला आणि वाती पेटवायला लावल्या. मोठा धमाका झाला. धूर विरला, तेव्हा खुर्ची नाही आणि माणूसही नाही. "दंतकथा आहे, पण झकास आहे," असं काका म्हणायचे. काकू दर वेळी विचारायच्या, "आणि त्याची बायको?" काका उखडायचे, "इतिहासात बायकोचं काही नाही!" "मग कसला मेला तुमचा इतिहास!" हा संवाद मी छतातून इतक्यांदा ऐकलाय, की झोपेतही म्हणून दाखवीन.

यंदा होळीच्या आधी काकू गेल्या. वरचा आवाज बंद झाला. ज्या आवाजाच्या नावाने मी कायम बोटं मोडली, त्याच्यावाचून मला चक्क करमेना. काका जिन्यात भेटले, तर "बरंय" एवढंच म्हणून पुढे जायचे. मी मुद्दाम चीनचा विषय काढला, तर म्हणाले, "जाऊ दे गं." तेव्हा मात्र हा माणूस असाच गप्प होऊन संपेल, असं वाटलं.

म्हणून सोसायटीच्या गणपतीचा देखावा काकांना द्या, त्यांच्या चिनी बाणांचाच करू दे, असा मी मीटिंगमध्ये हट्टच धरला. अध्यक्ष म्हणाले, "मॅडम, बाप्पा के सामने चायना का हथियार?" मी म्हटलं, "इतना पुराना है, अब किसको लगेगा?" शेवटी माझ्या कटकटीला कंटाळून हो म्हणाले.

खारी गावाहून बांबू आले. वर करवत सुरू झाली आणि भर दुपारच्या त्या करकरीत मी सुखाने झोपले. काकांनी सहा बाजूंची लाकडी पेटी केली, तिच्यात बत्तीस नळ्या. चिनी लोक ह्याला मधमाश्यांचं पोळं म्हणायचे, एका वातीवर बत्तीस बाण सुटायचे. बाणांचा रंग वाळायचा होता, म्हणून पहिल्या दिवशी पेटी रिकामीच बाप्पापुढे ठेवली.

दुपारी काका बाण घेऊन उतरले आणि बघतात तो काय! प्रत्येक नळीत उदबत्ती. लोकांनी बापडी पेटी बघितली, भोकं बघितली आणि आपापली उदबत्ती खोचून हात जोडले. एका नळीत तर जास्वंद होतं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. काकांनी वाकून एकेक नळी बघितली. मग हसले, किती महिन्यांनी हसले. "असू दे गं. माणसं मारायला केलेली वस्तू ती. आमच्या हिला नाही आवडायचं. हे आवडलं असतं." आणि बाण परत घरी घेऊन गेले.

संध्याकाळी आरतीनंतर कुणीतरी विचारलं, "काका, हा स्टँड कुठे मिळाला?" बस्स! काका सुटले. बाण, घोडे, ड्रॅगन आणि शेवटी खुर्चीवाला. "धूर विरला. खुर्ची नाही, माणूस नाही." आणि सवयीने थांबले. ती जागा काकूंची होती. बाकीच्यांना वाटलं गोष्ट संपली, सगळे प्रसादाकडे वळले. काका पेटीशी एकटेच उभे राहिले. मला ते बघवेना.

"काका," मी म्हटलं, "आणि त्याची बायको?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं. एक कललेली उदबत्ती सरळ केली.

"इतिहासात नाही ते," ते हळूच म्हणाले. "पण असणार ना गं कुणीतरी मागे राहिलेलं. ते बरं असतं. जेवतंखातं. सकाळचा चहा मात्र अजून दोघांचा टाकतं."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी वर गेले. ओट्यावर दोन कप होते. त्यातला एक मी उचलला, स्टूल ओढून बसले आणि म्हटलं, "हं काका. मग?"