सालकाई वेंडेल यांची पाठ

कोरोश नदीकाठच्या आमच्या गावात सालकाई वेंडेल यांना सगळे वेंडेलकाका म्हणत. बुडापेश्टच्या चित्रपटांत ते कधी पोस्टमन असत, कधी न्हावी, कधी कोर्टातले साक्षीदार. नायकाचं नाव लोक विसरत, पण "तो साक्षीदार कसा बघत होता!" हे पुढं कितीतरी दिवस बोलत. सकाळच्या गाडीनं चित्रीकरणाला जायचं आणि संध्याकाळी परतून आमच्या नाटकगृहात उभं राहायचं, अशी त्यांची वर्षं गेली.

आमच्याकडे दर महिन्याला नवं नाटक. एवढं पाठ कुणाचं होणार? म्हणून विंगेत एतेलका संहिता मांडीवर घेऊन बसायची. तिनं हळूच पुरवलेला शब्द काका असा उचलत, की तो आत्ताच सुचला असं वाटावं. त्यात कुणालाच कमीपणा वाटत नसे.

सत्तरी ओलांडली आणि काकांचे कान गेले. नेमकी तेव्हाच आयुष्यातली पहिली मोठी भूमिका वाट्याला आली होती, स्टेशनमास्तरची. तालमीत ते अडले आणि खेकसले, "एतेलका, झोपलीस का गं?"

"तीनदा सांगितलं, काका! गॅलरी झाडणाऱ्या बाईंचंसुद्धा पाठ झालं."

सगळे हसले. दिग्दर्शक शेजारी बसलेल्याच्या कानाशी पुटपुटला, "दुसऱ्या कुणाला घ्यावं लागणार." काकांना ऐकू आलं नाही, पण त्याच्या ओठांवरून ते कळलं.

"थांबा," ते म्हणाले. "एतेलका, आवाज नको काढूस. नुसते ओठ हलव."

मग मास्तरचं टेबल विंगेकडे वळवलं गेलं. ज्या चेहऱ्यासाठी गाव तिकीट काढायचं, तो एकट्या एतेलकाला दिसे. आमच्या वाट्याला पाठ आणि मान. पण मुलगा येणार नसल्याची तार मास्तर वाचायचा, तेव्हा खांद्यांमधला कोट जरासा ताणला जाई, आणि माझ्या वर्गातली दांडगी मुलंही गप्प होत.

फक्त शेवटच्या प्रवाशाला निरोप देताना आमच्याकडे तोंड करावंच लागे. तिथली वाक्यं तीनच, काकांनी घोकून ठेवलेली. एका रविवारी तिसरं वाक्य आलंच नाही. काका नुसते उभे राहिले. पडदा पडला, आणि सारं सभागृह एका ठेक्यात टाळ्या वाजवू लागलं, आमच्याकडची सगळ्यात मोठी दाद.

रंगपटात एतेलका म्हणाली, "कुणाला कळलं नाही हो, काका. लोकांना वाटलं, मास्तरला भरून आलं."

काका चिकटवलेली मिशी सोडवत होते. "म्हणून तर. टाळ्या मास्तरसाठी होत्या, पोरी, आणि तो तिथं नव्हताच. तिथं एक म्हातारा वाक्य शोधत होता."

दुसऱ्या दिवशी त्यांनी मास्तरची टोपी स्वतः नेऊन दिग्दर्शकाच्या टेबलावर ठेवली. तो उठला, काकुळतीला येऊन काहीबाही बोलू लागला. काकांनी त्याच्या तोंडाकडे पाहिलंच नाही. दार हलकेच लोटून घेतलं आणि जिना उतरले.