राजाला जाऊ द्यायचं की नाही

मला आयुष्यात एकदाच पळवून नेण्यात आलं. पळवणारे गृहस्थ पेशाने भूलतज्ज्ञ होते, गाडी लांबलचक स्टेशन वॅगन होती, आणि मागच्या सीटवर माझ्या शेजारी गाजरहलव्याचं पातेलं होतं. ते सांडू नये म्हणून मीच ते दोन्ही हातांनी धरून बसलो होतो. त्यामुळे माझे हात बांधायची गरजच पडली नाही.

गोष्ट ऐंशीच्या दशकाच्या मध्यातली. मी ओहायोतल्या एका विद्यापीठात केमिकल इंजिनियरिंगचं एम.एस. करत होतो, म्हणजे प्रत्यक्षात सरांच्या प्रोजेक्टमधल्या एका गळक्या पंपाची शुश्रूषा करत होतो. त्याखेरीज आठवड्यातून पंधरा तास लायब्ररीत परत आलेली पुस्तकं कपाटात लावायची नोकरी होती. ती नोकरी नीट करायची तर पुस्तकं उघडायची नसतात. मी उघडत असे. अशीच एका दुपारी, स्कॉटलंडच्या इतिहासाच्या जाडजूड पुस्तकात, एका पोरगेल्या राजाची आणि माझी गाठ पडली.

हा राजा वर्षाचा असताना गादीवर बसवलेला. त्याच्या नावाने राज्य करायला एकामागून एक कारभारी आले, आणि त्यातले बहुतेक वाईट रीतीने गेले. पोरगा सोळा वर्षांचा झाला आणि शिकारीला निघाला असताना एका सरदाराने त्याला घरी मुक्कामाला बोलावलं. जेवण झालं, झोप झाली. सकाळी राजा निघायला लागला, तर सरदार मंडळी रांगेत उभी. त्यांच्या हातात तक्रारींचा कागद. राजा दाराकडे गेला तेव्हा एका सरदाराने दारात आपला पाय आडवा घातला. बस, एवढंच. तलवार नाही, साखळदंड नाही. राजा रडला. पुढे दहा महिने त्यांनी त्याला या गढीतून त्या गढीत फिरवलं, आणि तो समोर येईल त्या कागदावर हसतमुखाने सही करत राहिला. मग एक दिवस म्हाताऱ्या नातेवाइकाला भेटून येतो म्हणून परवानगी घेतली, समुद्रकाठच्या एका किल्ल्यात शिरला आणि आतून दरवाजे लावून घेतले. सरदार बाहेर राहिले.

मी त्या कपाटांच्या बोळात उभ्या उभ्या ठरवलं की यावर मराठी नाटक लिहायचं. लिहिलंही. तीन आठवड्यांत, पंपाच्या शेजारी बसून. त्या देशात येऊन मला दोन वर्षं झाली होती आणि तिथे माझं म्हणावं असं काहीच नव्हतं. प्रोजेक्ट सरांचा, खोली दोघांत, कोट आधीच्या विद्यार्थ्याने सोडून गेलेला. नाटक मात्र पहिल्या ओळीपासून माझं होतं. आणि त्याचा शेवट, राजा दार उघडून निघून जातो तो, तर माझा जीव की प्राण होता.

आमच्या गावच्या महाराष्ट्र मंडळाने दिवाळीच्या कार्यक्रमासाठी नाटक एकदम पसंत केलं. एकदम म्हणजे वाचायच्या आधीच. राजा मी, हे ठरलं, कारण मंडळात पंचविशीच्या आतला मिशी नसलेला पुरुष मी एकटा होतो. सरदारांच्या भूमिका मात्र भराभर वाढल्या. मंडळाचा एक अलिखित नियम होता: ज्या घरातून शंभर माणसांचा एक पदार्थ येणार, त्या घराला एक भूमिका. मी चार सरदार लिहिले होते. पुलाव, छोले, श्रीखंड, गाजरहलवा, दोन प्रकारच्या कोशिंबिरी वगैरे धरून ते नऊ झाले. दोन कोशिंबिरींना मिळून एकच सरदार द्यावा असं मी सुचवून पाहिलं, पण ते फेटाळण्यात आलं.

सरदारांचे म्होरके आमचे डॉक्टरकाका. तेच भूलतज्ज्ञ. पन्नाशीचे, उंच, आवाज इतका मऊ की ते 'बस' म्हणाले की माणूस आडवाच व्हायचा. दारात पाय आडवा घालणारा सरदार ते करत होते, आणि काय करत होते म्हणून सांगू. घाई नाही, राग नाही. जणू पाय सहजच तिकडे गेला. प्रत्येक तालमीत माझ्या अंगावर काटा यायचा.

तर कार्यक्रमाला दोन आठवडे उरले असताना, एका शुक्रवारी संध्याकाळी डॉक्टरकाका माझ्या वसतिगृहाच्या दाराशी गाडी घेऊन आले. म्हणाले, चल, घरचं जेव, किती वाळलायस. विद्यार्थी कधी अशा आमंत्रणाला नाही म्हणतो का. गाडी पाऊण तास चालली. जेवण झालं. रात्री मला पाहुण्यांच्या खोलीत गुबगुबीत गादीवर झोपवण्यात आलं.

सकाळी मी आंघोळ करून, बूट घालून खाली आलो तर दिवाणखान्यात डॉक्टरकाकांसोबत तीन सरदार बसलेले. टायरच्या कारखान्यातले इंजिनियर काका, बँकेतले काका आणि एक कोशिंबीर. बँकेतल्या काकांच्या हातात टाइप केलेला कागद.

वाचकहो, इतिहास समोरून चालत येतोय आणि आपल्या हातात चहाचा कप आहे, असा योग सगळ्यांना येत नाही. मला भीती वाटायला हवी होती. पण खोटं कशाला सांगू, आधी आनंद झाला.

कागदावर सात मुद्दे होते. पहिले सहा किरकोळ, कुणाला वाक्यं कमी वगैरे. सातवा खरा. शेवट बदला. राजाने दारापर्यंत जावं, सरदाराचा पाय पाहून थांबावं, रडावं, आणि मग त्याला कळावं की ही मंडळी आपल्याच भल्यासाठी झटताहेत. त्याने सगळ्यांना क्षमा करावी. नऊही सरदारांना, नाव घेऊन.

मी म्हणालो की असं झालंच नव्हतं. इंजिनियर काका म्हणाले की झालं नव्हतं हे आपल्या मंडळात कुणाला माहीत आहे. मी म्हणालो, तो पळून जातो म्हणून तर नाटक आहे. मग डॉक्टरकाका बोलले, त्या मऊ आवाजात.

"हे बघ, आमची मुलं पहिल्या रांगेत बसणार. त्यांना निम्मं मराठी कळत नाही. त्यांना एवढंच दिसेल, की आपल्या बापाने एका पोराला कोंडलं आणि तो पळाला तेव्हा सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या."

बाकीच्यांनी माना हलवल्या. आणि बँकेतल्या काकांनी हळूच सांगितलं की हॉल त्यांच्या नावावर आहे, कपडे आणि दिवे इंजिनियर काकांच्या गॅरेजमध्ये आहेत, आणि नाटक नाही झालं तर भावगीतांची मैफल अगदी तयार आहे. म्हणजे राजा सही करणार, नाहीतर गादी जाणार.

मी म्हणालो, विचार करतो, मला वसतिगृहावर सोडा. डॉक्टरकाका म्हणाले, सोडतो की, उद्या संध्याकाळी. आज गाडी काकू घेऊन गेल्यात. इथे बसून शांतपणे लिही.

मी दारातून बाहेर पडलो. कुणी अडवलं नाही. अडवायची गरजच नव्हती हे मला अर्ध्या तासाने कळलं. त्या वसाहतीत फुटपाथ नव्हता, बस नव्हती, दुकान नव्हतं, माणूस नव्हतं. वळणावळणाचे रस्ते, त्यावर एकसारखी घरं, प्रत्येकापुढे तीच टपालपेटी. एक रस्ता गेला तो थेट कुणाच्यातरी गॅरेजपुढे संपला. मागे वळून दुसरा धरला, तोही तसाच संपला. एका कुंपणामागून एक कुत्रा माझ्यासोबत चालत राहिला आणि कुंपण संपल्यावर त्यालाही माझी कीव आल्यासारखं वाटलं. तास-दीड तास चालून, बोटं गार पडून, मी एका घरापाशी पोचलो आणि वाट विचारायला बेल दाबली. दार काकूंनी उघडलं; त्या गाडी घेऊन परत आल्या होत्या. फक्त म्हणाल्या, "ये, वडे गरम आहेत."

त्या दुपारी मी पाहुण्यांच्या खोलीत रेघा आखलेल्या पिवळ्या कागदांची वही घेऊन बसलो होतो. वरच्या मजल्यावर दोनदा दार आपटलं. मग डॉक्टरकाकांची सतरा वर्षांची मुलगी जिन्यातून खाली आली, माझ्या उघड्या दाराशी थांबली, वहीकडे आणि माझ्याकडे पाहिलं.

"ग्राउंडेड? यू टू?" तिने विचारलं.

तिची हकीकत तिने दोन वाक्यांत इंग्रजीत सांगितली. तिला शिकायला कॅलिफोर्नियाला जायचं होतं. बाबांनी घरापासून वीस मिनिटांवरचं कॉलेज पाहून ठेवलं होतं, त्यावरून भांडण झालं, आणि तिच्या गाडीच्या किल्ल्या आता बाबांच्या खिशात होत्या. मी तिला राजाची गोष्ट सांगितली. ती दाराच्या चौकटीला टेकून पूर्ण ऐकत राहिली. शेवटी तिने एकच प्रश्न विचारला: त्या दहा महिन्यांत तो खरंच सगळ्यांशी हसून बोलत होता का? मी म्हणालो, हो. "क्रीपी," असं म्हणून ती वर गेली.

पण मला उत्तर मिळालं होतं. मी पेन उचललं आणि त्यांना हवा होता तो शेवट लिहिला. असा गोड लिहिला की माझ्याच दाढा ठणकल्या. राजा रडला, राजाने क्षमा केली, नऊ नावं आली. रविवारी सकाळी तो मी मोठ्याने वाचून दाखवला तेव्हा इंजिनियर काकांनी चष्मा पुसला. संध्याकाळी मला सन्मानाने वसतिगृहावर पोचवण्यात आलं, हलव्याच्या डब्यासकट.

पुढचे दोन आठवडे मी हसलो. प्रत्येक तालमीत हसलो. काका, वाक्य वाढवू का? काका, तुम्ही जरा पुढे उभे राहा ना. इतका आज्ञाधारक मी आईवडिलांशीही कधी नव्हतो. आणि खरं सांगायचं तर त्या हसण्याखाली मला दम कोंडल्यासारखं होत होतं. दिवसेंदिवस माझा शेवट माझ्यापासून लांब जात होता. तालमीत त्यांचा शेवट इतक्यांदा झाला की मला तो पाठ झाला, आणि मध्येच वाटायचं, काय बिघडतं, हाच असू दे. कैदेतली सगळ्यात वाईट गोष्ट हीच असावी. जेवण चांगलं असतं.

कार्यक्रम एका शाळेच्या सभागृहात होता. तिथल्या रंगमंचाच्या एका बाजूला खरंखुरं दार होतं, थेट मागच्या मोकळ्या आवारात उघडणारं. आडवा दांडा ढकलला की उघडायचं. मी सुरुवातीपासून तेच गढीचं दार म्हणून वापरायचं ठरवलं होतं. त्यावरची लाल दिव्याची 'एक्झिट' ही पाटी झाकायला शाळेच्या माणसाने साफ नकार दिला. त्यामुळे आमच्या स्कॉटलंडच्या गढीत संपूर्ण नाटकभर लाल अक्षरांत बाहेर जायची वाट दाखवलेली होती आणि राजाला ती सापडत नव्हती.

पहिले दोन अंक उत्तम झाले. शेवटचा प्रवेश आला. मी काकूंच्या जांभळ्या शालूचा झगा पाठीवर सोडून दाराकडे निघालो. डॉक्टरकाकांचा पाय दारात आडवा गेला, तसाच सहज. इथे मी थांबून रडायचं होतं.

मी रडलो नाही. पहिल्या रांगेत मुलं बसली होती, त्यांत ती सतराची, हाताची घडी घालून. मी प्रेक्षकांना ऐकू जाणार नाही अशा आवाजात म्हणालो, "काका, पाय काढा."

ते तोंड न हलवता म्हणाले, "मूर्खपणा करू नकोस. रड."

"काढा ना, काका."

त्यांनी पाय काढला नाही. मग मी जे केलं त्याची तालीम झालेली नव्हती. मी दोन पावलं मागे गेलो, धावलो आणि त्यांच्या पायावरून उडी मारली. झगा त्यांनी धरला की त्यांच्या हातात अडकला, मला अजून कळलेलं नाही. तो मागे राहिला. मी दांडा ढकलला, नोव्हेंबरची हवा आत घुसली आणि मी बाहेर पडलो. मागे दार धाडकन लागलं.

जिंकलो होतो. मी मिनिटभर त्या आवारात एकटाच, पातळ सुती सदऱ्यात, दोन्ही हात वर करून उभा होतो. मग परत आत जायला वळलो आणि पाहिलं, की दाराला बाहेरून मूठच नाही. ते फक्त आतून उघडतं.

मी दाराला कान लावला. आत गोंधळ होता. कोशिंबिरीच्या सरदाराला काही सुचलं नसावं, कारण त्याने रिकाम्या जागेकडे पाहून ठरलेलं वाक्य खणखणीत म्हटलं: "महाराज, आपण आम्हाला क्षमा केलीत." सभागृह हसलं. चांगलं मोठ्याने हसलं. माझा राजा पळाला होता आणि नाटक मागे कोसळत होतं.

मग डॉक्टरकाकांचा आवाज आला. मऊ, आणि तरी दारापलीकडे ऐकू येईल असा. हे वाक्य मी लिहिलेलं नव्हतं. त्यांनी दिलेल्या कागदावरही ते नव्हतं.

"बाहेर थंडी आहे," ते म्हणाले. "अंगावर काही न घेता गेला."

पुन्हा कुणी हसलं, पण एकदोघंच, आणि तेही लगेच थांबले. मग काहीच ऐकू येईना. मला दिसत नव्हतं, पण नंतर काकूंनी सांगितलं की डॉक्टरकाका तो शालू हातावर घडी करून ठेवल्यासारखा धरून उभे होते, आणि दाराकडे नाही, पहिल्या रांगेकडे पाहत होते. तेवढं शांत सभागृह मी आत असताना एकदाही झालं नव्हतं.

मग टाळ्या सुरू झाल्या. खूप टाळ्या. आत पडदा पडत असणार, सगळे हातात हात घालून पुढे येत असणार, नमस्कार करत असणार. आणि मी बाहेर दोन्ही मुठींनी दार बडवत होतो, "काका, उघडा, मी आहे," आणि त्या टाळ्यांत ते कुणालाच ऐकू जात नव्हतं.