पहिला पाट, पिवळं नख

माझ्या सासूबाई अधिक महिन्यात जावयाचे पाय धुतात. पितळी परात चिंच लावून घासतात, पाटाभोवती रांगोळी काढतात, कोमट पाण्याने पाय धुऊन पंच्याने पुसतात, अंगठ्यांना हळदकुंकू लावतात आणि मग तेहतीस अनारसे नि चांदीचा लहानसा दिवा हातात ठेवतात. दर तीन वर्षांनी येणारा हा मान चार वेळा मी एकट्याने घेतला. घरात मुली दोन. माझी बायको मोठी, आणि धाकटीचं लग्न व्हायचं होतं, म्हणून मी एकुलता एक जावई. एकुलतं एक असण्याची सवय माणसाला फार लवकर लागते.

दोन वर्षांपूर्वी धाकटीचं लग्न झालं आणि मला साडू आला.

सरळ सांगतो, तो मला पहिल्या दिवसापासून खुपला. मी सावनेरकडच्या एका कोळसा खाणीत पंपावर आहे. जमिनीच्या पोटात पाणी झिरपत राहतं, ते उपसून वर फेकायचं. पायात गमबूट, गमबुटात मोजे आणि मोज्यांत पाणी, अशी माझी नोकरी. हा नागपुरात मिहानमध्ये थंडगार ऑफिसात कॉम्प्युटरपुढे बसतो. माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी लहान, गोरा, मऊ बोलणारा. सासरे निवृत्त मास्तर. मी गेलो की ते वर्तमानपत्रातून डोकं न काढता विचारतात, खाणीत पाणी काय म्हणतं. तो गेला की वर्तमानपत्राची घडी घालून ठेवतात.

त्याला तिशीतच शुगर निघाली. त्या दिवसापासून सासूबाई त्याच्यासाठी बिनसाखरेचा चहा वेगळ्या पातेल्यात ठेवतात, ज्वारीची भाकर वेगळी टाकतात, मेथ्या भिजवतात. माझा चहा सगळ्यांच्या पातेल्यातला. त्याच्या दुखण्याचासुद्धा मला हेवा वाटायचा, आता बोला.

त्यातून कूलरचं प्रकरण. सासऱ्यांच्या नंदनवनातल्या घरी मागच्या अंगणात खिडकीला मोठा लोखंडी कूलर आहे. नागपूरच्या उन्हाळ्यात त्याची टाकी दिवसातून दोनदा भरावी लागते. आम्ही राहतो मानकापूरला, पण सुट्टीच्या दिवशी सासरी गेलो की ते काम माझं. पाण्याचा माणूस म्हणून कौतुकही व्हायचं. तेवढ्यासाठी मागच्या दाराशी माझी निळ्या पट्ट्यांची रबरी चप्पल कायम ठेवलेली असे. लग्नानंतरच्या पहिल्याच उन्हाळ्यात साडू आला, बूट-मोजे काढले, माझ्या चपलेत पाय घातले आणि म्हणाला, "भाऊ, तुम्ही बसा. मी भरतो." मी बसलो. तो पाइप धरून उभा, पाणी त्याच्या पायांवर सांडतंय, चप्पल भिजून चिप्प. त्याचं आणि धाकटीचं घर तिथून पाच मिनिटांवर, त्यामुळे नंतर तो रोजच संध्याकाळी येऊन टाकी भरू लागला. मला कूलरपर्यंत जायची वेळ फक्त रविवारी दुपारी यायची, तेव्हा चप्पल ओलीच असायची. माझं काम गेलं, माझी चप्पल गेली, आता काय उरलं, असं मी बायकोला म्हणालो. ती म्हणाली, "तुम्ही लहान पोरावानी काहून करून राहिले?"

उरला होता पहिला पाट. या वर्षी अधिक महिना ऐन उन्हाळ्यात येत होता आणि मी मनात एवढंच धरून होतो की पाय आधी माझे धुतले जावेत. मोठा जावई मी.

पण माझ्या पायात एक भानगड होती, ती सहा वर्षांची. उजव्या अंगठ्याचं नख. सुरुवातीला कोपऱ्यात ज्वारीच्या दाण्याएवढा पिवळट पांढरा डाग आला. मी म्हटलं, पंपाचं झाकण पडलं होतं, त्याचा असेल. पुढे डाग आत सरकला, नख जाड झालं, कडेने उचललं गेलं, खालून भुगा निघायला लागला आणि मोजे काढले की एक आंबूस वास. कपडे बदलायच्या खोलीत आमच्या एका जुन्या सोबत्याने पाहिलं आणि ओळखलं. मार लागून नख काळं पडलं तर तो डाग नखाबरोबर पुढे सरकतो आणि एक दिवस कापून टाकता येतो, असं त्याने समजावलं. तुझा डाग उलटा मुळाकडे चालला आहे, ही बुरशी आहे, डॉक्टरकडे जा. मी एका डॉक्टरबाईकडे गेलो, महिनाभर गोळ्या घेतल्या, नख तसंच दिसतंय म्हणून सोडून दिल्या. नवं नख यायला वर्ष-दीड वर्ष लागतं, हे त्यांनी सांगितलं होतं. मी ऐकलं नव्हतं.

मागच्या अधिक महिन्यात सासूबाईंनी त्या नखावर क्षणभर हात थांबवला होता. मी घाईने झाकणाची गोष्ट सांगितली होती. या वेळी तो प्रसंग नको म्हणून आदल्या दिवशी मी न्हाणीघरात बसून ते नख कानशीने घासलं, मग पॉलिश पेपर फिरवला. पांढरी भुकटी पडत होती. नख पातळ झालं, थोडं बरं दिसायला लागलं. स्वतःच्या हुशारीवर मी खूश होतो.

दुसऱ्या दिवशी दोन पाट शेजारी मांडलेले. मी उजवीकडच्या पाटावर बसणार, तेवढ्यात सासूबाई म्हणाल्या, "मोठे जावईबापू, तुम्ही थांबा जरासे. छोट्या जावईबापूले गोळी घेऊन वेळेवर जेवा लागते." वर त्याचा हा लग्नानंतरचा पहिलाच धोंड्याचा महिना. म्हणजे शुगरने आणि नवेपणाने मिळून माझा पाट नेला. मी हसलो. गाल दुखतील इतका वेळ हसत राहिलो.

परातीत त्याचे पाय ठेवले गेले. गोरे, गुळगुळीत, कधी चिखल न पाहिलेले. मी शेजारी मांडी घालून त्या पायांकडे पाहत होतो, मनात नाही नाही ते. आणि मला दिसलं. उजव्या अंगठ्याचा बाहेरचा कोपरा. ज्वारीच्या दाण्याएवढा पिवळट पांढरा डाग. नखाची कड किंचित उचललेली, खाली खडूसारखा चुरा. बाकी नऊ नखं स्वच्छ. सहा वर्षांपूर्वीचं माझंच नख ते.

मला आनंद झाला. खोटं कशाला लिहू, पोटातून झाला. बरं झालं, म्हटलं, काहीतरी तर माझ्यासारखं आलं तुझ्या वाट्याला. सासूबाईंनी त्या डागावरच कुंकू लावलं आणि त्याच्या हातात तेहतीस अक्रोड ठेवले, कारण अनारसे त्याला चालत नाहीत. माझ्या वेळी पाणी गार झालं होतं.

जेवणं झाल्यावर तो माझ्याजवळ येऊन बसला आणि पाय पुढे केला.

"भाऊ, हे नख पाहा बरं. असं काहून झालं असन? बूट चावते का काय?"

त्या घरात या प्रश्नाचं उत्तर माहीत असलेला मी एकटाच होतो.

"ठेच लागली असन कुठं," मी म्हणालो. "नख वाढलं का निघून जाते."

त्याने मान डोलावली. मी सांगितलं म्हणून त्याला पटलं. घरी येताना मी अनारशांचा डबा मांडीवर घेऊन बसलो होतो आणि बायको विचारत होती की आज एवढे खुशीत कसे.

दहा-बारा दिवसांनी खाणीत आमची नेहमीची तपासणी होती. तिथल्या नव्या डॉक्टरांनी गमबूट-मोजे काढायला लावले. माझं घासलेलं नख पाहून ते हसले, कानस फिरवल्याने बुरशी मरत नाही म्हणाले. नुसतं पाहून नक्की सांगता येत नाही, दुसऱ्या दुखण्यातही नखं अशी होतात, म्हणून नखाचा तुकडा कापून तपासायला घेतला. मग विचारलं, तुमची चप्पल आणखी कोण घालतं? ओल्या चपलेतून, नेलकटरमधून हे दुसऱ्याला लागतं. घरात कोणाला शुगर असेल तर फार जपा. अशा माणसाच्या बोटांमध्ये चीर पडते, ती त्याला कळत नाही, आणि मग गोष्ट नखावर थांबत नाही.

मी तिथेच बाकावर बसलो. निळ्या पट्ट्यांची चप्पल माझ्या डोळ्यांपुढे आली. जे पाहून मला आनंद झाला होता ते मीच दिलेलं होतं.

आणि तरीही मी दोन दिवस गप्प बसलो. सांगायचं तर आधी माझं नख दाखवावं लागणार. सहा वर्षं लपवलं, झाकणाची गोष्ट खोटी, ठेचेची गोष्ट खोटी, आणि नव्या जावयाला मोठ्याने रोग दिला. मग पहिला काय, दुसरा पाट तरी राहतो का? मी हाच हिशेब करत होतो. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी बायको बहिणीशी फोनवर बोलून आली आणि सहज म्हणाली, की त्याचा पाय जरासा सुजला आहे म्हणे, पण आईकडचा कूलर भरायला गेला बरं तसाच.

मी गाडी काढली.

तो मागच्या अंगणात पाइप धरून उभा होता. माझ्या चपलेत. मी दारातूनच म्हणालो, "काढ ती चप्पल."

त्याने पाइप खाली ठेवला, नळ बंद केला. चेहरा पडला होता.

"रागावले का भाऊ? मले माहीत आहे, तुम्हाले आवडत नाही. पण मी तरी काय करू? आई रोज म्हणते, मोठे जावई कसे थेंब न सांडता भरते. दोन वर्ष झाले, मले ते जमूनच नाही राहिलं. घरी जाऊन हिच्यासंग भांडतो मी याच्यावरून."

दोन वर्षं मी त्याच्यावर जळत होतो, आणि हा इथे रोज पाय भिजवत माझ्यावर जळत होता. हसावं की काय करावं ते कळेना. मी कूलरजवळच्या ओट्यावर बसलो, बूट काढला, मोजा काढला आणि माझा पाय त्याच्या पायाशेजारी ठेवला. दोन उजवे अंगठे, रंग तोच. त्याचं दाण्याएवढं, माझं पूर्ण नखभर.

"ठेच नाही लागली तुले," मी म्हणालो. "हे माझं आहे. या चपलेतून गेलं. मले त्या दिवशीच माहीत होतं, तरी मी खोटं सांगितलं."

मी त्याचा पाय उचलून माझ्या गुडघ्यावर घेतला, खिशातल्या रुमालाने पुसला आणि बोटं एकेक करून वेगळी केली. करंगळी आणि शेजारच्या बोटामध्ये खोल चीर होती. कडा पांढऱ्या फुगलेल्या, आत लाल, थोडा पू.

"दुखत नाही का गा तुले?"

"नाही," तो म्हणाला. "काय आहे तिथं?"

तेवढ्यात सासूबाई मागच्या दारात आल्या. एक जावई दुसऱ्याचा पाय मांडीवर घेऊन बसलेला पाहून त्या जागीच थांबल्या. मी त्यांनाही सगळं सांगितलं, झाकणासकट. त्या माझ्या अंगठ्याकडे पाहत म्हणाल्या, "मले तर मागच्या धोंड्यालेच दिसलं होतं. पण जावयाच्या पायाले नाव कसं ठेवा?" मग पदर तोंडाला लावून आत गेल्या आणि बाहेर आल्या त्या साडूचे बूट हातात घेऊन, दवाखान्यात चला म्हणत.

त्याची चीर भरायला तीन आठवडे लागले. डॉक्टर म्हणाले, आणखी थोडे दिवस गेले असते तर बोटाचं काही सांगता आलं नसतं. त्या तीन आठवड्यांत मी रोज संध्याकाळी नंदनवनात जाऊन टाकी भरली, आणि सासूबाईंनी कौतुकाचा एक शब्द काढला नाही. मेहुणी अजून माझ्याशी तुटक बोलते. निळी चप्पल मीच कापून कचऱ्यात टाकली. आता मागच्या दाराशी दोन जोड आहेत, आणि त्यातला माझा कोणता हे सासूबाईंनी सासऱ्यांकडून ठळक अक्षरांत लिहून घेतलं आहे.

आम्हा दोघांच्या नखांच्या तपासणीत बुरशीच निघाली. औषध दोघांचं चालू आहे, मध्ये मध्ये रक्त तपासतात. दर रविवारी सकाळी तो मला त्याच्या अंगठ्याचा फोटो पाठवतो. मुळापासून नवं, स्वच्छ, गुलाबी नख पुढे येतंय, डाग पार टोकाला गेला. मी लगेच मोजा काढून माझं पाहतो. मुळाशी जेमतेम रेघभर गुलाबी दिसतं, बाकी पिवळंच. त्याचं माझ्या आधी बरं होणार, पुढच्या धोंड्याला पहिला पाट पुन्हा त्याचाच, आणि तो फोटो पाहताना माझा जळफळाट होतो.

परवाच्या रविवारी दहा वाजले तरी फोटो आला नव्हता. मी त्याला फोन लावला, आणि तो उचलेपर्यंत उभाच राहिलो.