काठोकाठ पेला

नारीन गावात पाहुण्याला अर्धा पेला चहा म्हणजे 'बसा', आणि काठोकाठ म्हणजे 'निघा'. नुरझातची सासू सादात हिने सुनेच्या आईपुढे काठोकाठ पेला ठेवला, ते नुरझात विसरली नाही.

ती हौसेने कार्टूनची चित्रे काढी. सगळ्यांच्या लाडक्या कार्टूनमधल्या मायाळू बकरीला तिने नवा अवतार दिला: सादातसारखा सोन्याचा दात, तिच्यासारखाच निळा रुमाल, हातात काठोकाठ पेला. कार्टूनच्या चाहत्यांनी ते चित्र फोनाफोनांतून गावभर पोचवले.

पुढच्याच मेजवानीत यजमानणीने सादातचा पेला गच्च भरला. "घ्या बकरीबाई, घाई असेल ना तुम्हाला?"

सादात तणतणत घरी आली. "तुझंच काम ना गं हे, सटवे?"

नुरझातने सासूसाठी चहा ओतायला घेतला आणि पेला अर्धा झाल्यावरही ती थांबली नाही.