भोरड्यांचा थवा आणि आमचे तात्या

दुपारी शाळेत शिकवत असताना गावाहून, मुरुमहून वडिलांचा फोन आला, "तुझा तात्या गेला." तात्या म्हणजे वडिलांचे धाकटे भाऊ. त्याला दीड महिना झाला. दिवसकार्याला त्यांना 'देवमाणूस' म्हणण्यात तीच मंडळी पुढे होती, जी इतकी वर्षं त्यांना येडं म्हणत होती...

काकू गेल्यावर तात्यांचे हात थरथरू लागले. चहाची कपबशी तोंडापर्यंत जाईना. वडिलांनी त्यांना ज्वारीच्या राखणीला उंच माळ्यावर चढवलं, हातात गोफण दिली. पण भोरड्यांचा थवा आला की तात्या गोफण फिरवायचंच विसरत. हजारो पाखरं आभाळात एकदम वळत, आवळत, पुन्हा पसरत, आणि तात्या बघत राहत. मी भाकरी घेऊन गेलो तर म्हणाले, "बघ की, एवढी हायत, पण एक बी दुसऱ्याला धडकत न्हाय. ह्यांच्याकडं बघितलं की माझं आतलं बी जाग्यावर बसतंय." मग पाणी प्यायले. तांब्या हलला नाही. मी ते पाहिलं, आणि तरी घरी वडिलांसोबत हसलो. वडील म्हणायचे, "राखणीला ठिवलंय का जत्रा बघायला? पाखरांचाच पाहुणा हाय त्यो."

तात्यांनी मला रोज सायकलवरून एसटीच्या फाट्यावर सोडलं, म्हणून मी घरातला पहिला पदवीधर झालो. त्या शिक्षणाचं मी काय केलं? नोकरी लागताच शेतासाठी थोड्या थोड्या वेळानं आपोआप वाजणारा भोंगा आणला आणि हाकारा तात्यांच्याच आवाजात भरून घेतला.

"म्या वरडू? पण ती जातील की रं."

"जावीत म्हणूनच, तात्या."

ते ओरडले. माळ्यावर माणसाची गरज उरली नाही. तात्या ओसरीवर बसू लागले, हात पुन्हा हलू लागले, डॉक्टर गोळ्या वाढवत राहिले.

परवा उमरग्यात आम्हा शिक्षकांना तणावमुक्तीचं प्रशिक्षण होतं. मार्गदर्शकांनी पडद्यावर पाखरांचा थवा दाखवला. "निसर्गातल्या आकृत्या न्याहाळा, मन शांत होतं." आम्ही वहीत लिहून घेतलं, टाळ्या वाजवल्या. मीसुद्धा. शेतातल्या माणसानं सांगितलं तेव्हा ते येडेपण होतं, पडद्यावर आलं तेव्हा ज्ञान झालं. आम्हा शिकलेल्यांची अक्कल एवढीच.

रविवारी शेतात गेलो. थवा कणसांवर उतरू लागला आणि भोंग्यातून तात्या ओरडले... "हाऽऽ हुर्रर्र." पाखरं फुटली, पलीकडं गेली. वडील म्हणाले, "बघ, मेल्यावर तरी कामाला आला."

मी भोंगा बंद केला. वडील बोलत राहिले. थवा सावकाश परत वळला. आता तात्यांचा आवाज ऐकायचा तर पाखरं हाकलावी लागतात, अशी सोय मीच करून ठेवली आहे.