मोरपंखीचं मटण

आता हसायचं असेल तर आधीच हसून घ्या, कारण पुढे मी सासऱ्यांच्या पुढ्यातलं ताट हिसकावलंय.

माझा मेहुणा फौजेत असतो, थेट हिमालयात. सुट्टीवर आला तेव्हा म्हणाला, "दाजी, तिकडं जुनिपर म्हणून झुडूप असतंय. त्याची निळी फळं वाळवून, दोन-तीन ठेचून मटणात टाकत्यात. लई भारी लागतंय."

पान कसं असतं, मी विचारलं. "खवल्याखवल्याचं."

मी लगेच ओळखलं. आमच्या शाळेच्या फाटकाजवळची मोरपंखी! विद्या येते म्हणून पोरं जिचं पान वहीत ठेवतात, तीच. बावीस वर्षं गुरुजी आहे मी, मला कोण काय सांगणार?

रविवारी बेल्ह्याहून सासरे जेवायला आले. बायको पाणी भरायला गेलेली बघून मी तोडून आणलेली मूठभर फळं ठेचली आणि रश्श्यात सोडली. दोन-तीन कशाला, सासरे काय रोज येतात? चार फोडी चाखूनही पाहिल्या. जरा कडू होत्या, पण म्हटलं, हिमालयाची चव अशीच असणार. मग फाटकाशी जाऊन झुडपाचा फोटो काढला आणि मेहुण्याला पाठवला.

परत आलो तर सासरे रस्सा भुरकत होते. तेवढ्यात फोन वाजला.

"दाजी, ही मोरपंखी हाय. इषारी असती. कुणी खाल्लं तर न्हाई ना?"

मी फोन तसाच टाकला. धावत जाऊन सासऱ्यांचं ताट ओढलं. नळी त्यांच्या हातात तशीच राहिली.

"पावणं, जेवू घालायचं नव्हतं तर बोलावलं कशाला?"

"मामा, थुंका. मी तुम्हाला विष घातलंय."

सासऱ्यांनी नळी खाली ठेवली. बायको मात्र शांत. "आबा, जेवा तुमी. त्यो रस्सा मी मघाच वतून दिला. रंगाच्या डब्यावाणी वास मारत व्हता. निम्मं शिजलेलं मटण बाजूला ठिवलं व्हतं, त्यालाच फोडणी दिलीय."

माझा जीव भांड्यात पडला. मग आठवलं, त्या रश्श्यातल्या चार फोडी माझ्या पोटात आहेत. लगेच कळ आली.

सासऱ्यांनीच मोटारसायकलवर घालून मला दवाखान्यात नेलं. काय झालं, डॉक्टरांनी विचारलं. सासरे म्हणाले, "नेम माझ्यावर व्हता, लागला जावायालाच."

सलाईन लावणारी नर्स माझीच जुनी विद्यार्थिनी निघाली. हळूच म्हणाली, "गुरुजी, वळख नसलेलं फळ तोंडात घालू नये, तुमीच शिकवलं व्हतं ना?"

वहीत मोरपंखी ठेवून तिला विद्या आली. मी तर पोटात घातली होती, तरी नाही आली.