बसवलेली आई

मी कंपनीत कायम झालो त्या आठवड्यात आईचं खुरपं काढून घेतलं. राहू या आमच्या गावच्या घरात ते दारामागच्या खुंटीला असायचं. मी ते वर्तमानपत्रात गुंडाळलं, पत्र्याच्या पेटीत टाकलं आणि पेटीला कुलूप घातलं. "आता बसून खायचं," मी म्हणालो. आई हसली. तिला वाटलं, पोरगं आनंदात आहे, काहीबाही बोलतंय.

मी काहीबाही बोलत नव्हतो. आमच्या वस्तीत कंपनीत कायम झालेला मी पहिला. रांजणगावला क्वालिटीत होतो. आलेला पार्ट मोजायचा, मापात असला तर पास, नसला तर रिजेक्ट. कायम झाल्याचे पेढे घेऊन मी गावात हिंडलो, तसा आबांकडेही गेलो. आई वीसेक वर्षं त्यांच्याच शेतात खुरपत होती. आबांनी पेढा तोंडात टाकला, पाठीवर हात ठेवला आणि म्हणाले, "पोरगं सायब झालं. पन आई काय आमचा बांध सोडायची न्हाई."

त्यांच्या मनात वाईट नसेलही. माझे मात्र कान तापले. घरी येईपर्यंत माझं ठरलं होतं की आई त्या बांधावर पुन्हा दिसणार नाही. वडील आधीच गेले होते, आई एकटी होती. तिला मी शिरूरला माझ्याकडे आणलं. ही सत्त्याण्णव-अठ्ठ्याण्णवची गोष्ट.

तिच्यासाठी हातांची प्लॅस्टिकची खुर्ची घेतली आणि ओट्यावर मांडली. बायकोला बजावलं, आईला कशालाही हात लावू द्यायचा नाही. सुरुवातीला मी पहिल्या पाळीला गेलो की दोघी मिळून गहू निवडायच्या, आई अंगणही झाडायची. एकदा लवकर घरी आलो आणि तिच्या हातात खराटा पाहिला. मी इतका भांडलो की पुढं दोघींनी तो नाद सोडला. साडीसुद्धा बदलली. ती जन्मभर नऊवारीचा काष्टा घालणारी, पोटऱ्या उघड्या. मी तिला पाचवारी साड्या आणल्या. शिरूरात सगळ्या तशाच नेसतात, मग माझ्या आईनं का नेसू नये? या साडीनं पुढं काय झाकलं ते मला दहा वर्षांनी कळलं.

आईचं अंग भरलं. गाल वर आले, पोट सुटलं. राहूचं कुणी आलं की म्हणायचं, "म्हातारीला सुख मानवलं." मी खुश. कंपनीत, लग्नात, मयतीला, जिथं जाईन तिथं एक वाक्य ठरलेलं असायचं, "आई आता काही करत नाही, बसून खाते." आमच्याकडं एवढं म्हणता येणं ही साधी गोष्ट नव्हती. आमच्या कुणाच्याच आजीला ते मिळालं नव्हतं.

पौर्णिमेला आई विहारात वंदनेला जायची. पहिल्या रांगेत मांडी घालून बसायची आणि तिचा आवाज सगळ्यांच्या वर असायचा. मग ती दुसऱ्या रांगेत गेली, मग मागं, मग थेट भिंतीशी. मला वाटलं, वय झालं, नवीन बायकांना पुढं जागा देत असेल. खरं म्हणजे तिला उठायला भिंत लागत होती. ते लक्षात आलं तेव्हा मी काय करावं? पुढच्या पौर्णिमेला ओट्यावरची खुर्ची डोक्यावर घेऊन विहारात नेली. सगळी माणसं खाली सतरंजीवर आणि माझी आई मधोमध खुर्चीवर. ती वंदनेचा एक शब्द मोठ्यानं बोलली नाही. घरी आल्यावर मात्र बोलली.

"मला काय फोटू करून मांडलंय व्हय तिथं? आता हारच घालायचा ऱ्हायलाय."

मी ते हसण्यावारी नेलं. दोन-तीन महिन्यांनी एका सकाळी ती संडासातून हाका मारायला लागली. पडली नव्हती, नुसती बसलेली उठेना. बायकोनं काखेत हात घालून तिला उभी केली. बाहेर आल्यावर आई रडली. आईला रडताना मी फार थोड्या वेळा पाहिलंय. तिनं तिच्या सासूला, म्हणजे माझ्या आजीला, अंथरुणावर दोन वर्षं उठवलं-बसवलं होतं. तेव्हापासून तिचं एकच मागणं होतं, आणि ते ती कुठल्याही देवाकडं नव्हे, स्वतःकडंच मागायची: "मला उठवाया मानूस लागाया नगो." आता माणूस लागला होता.

शिरूरात एक तरुण डॉक्टरीणबाई नुकत्याच आल्या होत्या. त्यांनी साखर, थायरॉईड, रक्त सगळं तपासलं. त्यात काही निघालं नाही. मग आईला म्हणाल्या, "आजी, हात छातीशी धरा आणि खुर्चीवरून पाच वेळा उठा-बसा." आई दोनदा उठली, तिसऱ्यांदा अर्ध्यातून परत बसली. बाईंनी साडी गुडघ्यापर्यंत सारून पोटरीला टेप लावला. आईची पोटरी मी दहा वर्षांनी पाहत होतो. माझ्या डोळ्यांपुढं ऊस तोडणाऱ्या, डोक्यावर मोळी घेऊन चिखलातून चालणाऱ्या बाईच्या पोटऱ्या होत्या. इथं हाडावर सैल कातडं होतं. मी रोज शेकडो पार्ट मोजणारा माणूस, आणि घरातलं माप असं हुकलं होतं.

बाईंनी कागदावर लिहिलं, सार्कोपेनिया. त्याच्या आधी 'अर्ली' आणि पुढं प्रश्नचिन्ह. मी शब्दाचा अर्थ विचारला. त्या म्हणाल्या, ग्रीक शब्द आहे. सार्क म्हणजे मांस, पेनिया म्हणजे कमतरता, गरिबी. वयाबरोबर अंगातले स्नायू झिजत जातात, त्याचं हे नाव. दुसऱ्या एखाद्या आजारानं माणूस खंगतो, त्याला हा शब्द वापरायचा नाही. अंग भरलेलं दिसलं तरी आतून हे होऊ शकतं, कारण चरबी वाढते आणि स्नायू जातात. अगदी सुरुवातीला मांस कमी होतं, पण जोर आणि चाल शाबूत असते. तेव्हा लक्षात आलं तर फार बरं.

"म्हणजे आईचं सुरुवातीचंच आहे ना?" मी 'अर्ली'वर बोट ठेवलं.

"म्हणून तर प्रश्नचिन्ह घातलंय," त्या म्हणाल्या. "सुरुवात बहुतेक मागंच होऊन गेली. आजी दिवसभर काय करतात?"

सवयीनं माझ्या तोंडून निघालं, आणि तेही ऐटीत, "काही नाही. मी काही करूच देत नाही."

बाईंनी पेन खाली ठेवलं. माझ्याकडं पाहिलं, पण बोलल्या आईशी. "वय तर आहेच, आजी, पण बसल्यानं ते लवकर आलं. आता थोडं थोडं उठायचं."

गरिबी घराबाहेर काढली म्हणून मी दहा वर्षं छाती फुगवून हिंडत होतो. ती आईच्या पायांत जाऊन बसली होती. 

तो शब्द मी खिशातल्या डायरीत लिहून ठेवला आणि पुढं नको तेवढा वापरला. कँटीनमध्ये सगळ्यांना समजावून सांगितला. त्याचा परिणाम एवढाच झाला की कामात अंग चोरणाऱ्या ऑपरेटरला पोरं म्हणायला लागली, "याला सार्कोपेनिया झालाय." मी चिडून सांगायचो, असं नाही वापरायचं, त्याचा अर्थ वेगळा आहे. काही वर्षांनी वाचलं की मांस घटलं पण जोर टिकून आहे, त्या पहिल्या पायरीला 'प्री' लावून स्वतंत्र नाव दिलंय. वाचून राग आला. आमच्या घरी ती पायरी येऊन गेली तेव्हा तिला नाव नव्हतं. आम्ही तिला सुख मानवणं म्हणत होतो.

बाईंनी सांगितलं होतं, रोज अंडी, डाळ, शेंगदाणे आणि खुर्चीवरून उठबस, सकाळी दहा आणि संध्याकाळी दहा. अंड्यांबद्दल आईची तक्रार नव्हती. उठबशीबद्दल होती. मी समोर उभा राहून मोजायचो आणि ती वैतागायची. "उठायचं तर कायतरी कराया उठायचं. बिनकामाचं उठायचं आन् बिनकामाचं बसायचं, ह्ये काय खूळ?" तरी दोन महिने तिनं ते केलं. खुर्चीवरून पाच वेळा उठायला लागली. जमिनीवरून मात्र हात धरावाच लागायचा.

एका संध्याकाळी उठबस झाल्यावर ती म्हणाली, "माजं खुरपं कुठं हाय? मी जाते आबांच्या कांद्यात. पातीला बाया हायेत, बोलत बोलत व्हतं."

"त्या बांधावर नाही जायचं," मी म्हणालो. "आधीच सांगायचं होतंस ना, पाय चाललेत म्हणून."

"मला कळत न्हवतं व्हय? चार वर्सं झाली कळून." ती शांतपणे बोलत होती. "पन तू जाशील तिथं सांगायचास, आई बसून खाती. सांगताना तुजं त्वांड कसं व्हायचं ते मी बघायचे. म्हनलं, बसू की. पोराला तेवढंच बरं वाटतंय."

बायको भाकऱ्या थापत होती, तिचा हात थांबला. मी उठून बाहेर गेलो आणि रस्त्यात उभा राहिलो. लाज वाटली, एवढंच सांगतो.

त्या रविवारी पाळी सुटल्यावर राहूला जाऊन पेटी उघडली. खुरपं गंजलं होतं. लोहाराकडून ते शेवटून, म्हणजे धार लावून आणलं. डॉक्टरीणबाईंना विचारलं, तर म्हणाल्या, अर्धा दिवस, सावकाश, आणि दुखलं तर थांबायचं. आमची सुट्टी गुरुवारची. गुरुवारी सकाळी आईला मोटारसायकलवर मागं बसवलं आणि राहूला नेलं. त्या दिवशी तिनं काष्टा घातला होता.

आबा बांधावरच होते, आता हातात काठी घेऊन. "काय सायब, आनली का आईला म्हागारी?"

दहा वर्षं या वाक्याला मी उत्तरं तयार करून ठेवली होती. एकही सुचायच्या आत आई म्हणाली, "त्यानं न्हाई आनली. मी आले."

खुरपणीत प्रत्येक बाईची एक पात असते, म्हणजे तिच्या वाट्याचा सरळ पट्टा. सगळ्या एका रांगेत बसून पुढं सरकतात. एखादी मागं राहिली की शेजारच्या दोघी न बोलता तिच्या पातीत हात घालतात, तिचं थोडं गवत काढतात, म्हणजे रांग मोडत नाही. याला पात ओढणं म्हणतात. पहिल्या गुरुवारी आईची पात दोन्हीकडून ओढावी लागली. तिनं मान वर केली नाही. दुपारी भाकरीला उठताना दोघींनी तिला हात दिला. मी बांधावर बसून पेपर वाचल्यासारखं करत होतो.

पुढचे चारही गुरुवार आम्ही गेलो. मधल्या दिवसांत ती घरी खाली बसून गहू निवडायची, भाजी निवडायची. बायकोनं ओट्यावरची खुर्ची कधी उचलून ठेवली, मी विचारलं नाही. बाईंनी पोटरीला पुन्हा टेप लावला, तेव्हा माप जवळजवळ तेच होतं. मी हिरमुसलो. त्या म्हणाल्या, आधी जोर येतो, मांस मागून.

पाचव्या गुरुवारी कांद्याची ती खुरपणी संपायची होती. दुपारी बायका भाकरीला उठल्या. आईनं खुरपं बाजूला ठेवलं, एक हात जमिनीला टेकला, दुसरा गुडघ्यावर. मी बांधावरून अर्धा उठलो. तिनं माझ्याकडं पाहिलंच नाही. कमरेत एकदा थांबली, श्वास घेतला आणि उभी राहिली. मग म्हणाली, "तू कशाला उठलास? बस."

मी बसलो.

जेवणानंतर शेवटची पात लागली. आई सगळ्यांच्या पुढं नव्हती, पण मागंही नव्हती. शेजारची बाई तिच्याहून वयानं लहान, नुकतीच तापातून उठलेली, ती हळूहळू मागं पडायला लागली. आईनं आपल्या पातीतलं गवत काढलं, जरा वाकली आणि न बोलता तिच्या पातीत हात घातला.